चोरचोळी

कुही,
सोमवार, २० जानेवारी १९७५

प्रेमिले, तुले, जावयाले आन दोन्ही लेकरायले आजीचा पोटभर आशीर्वाद.

पहिलं हे पाह्य, की हे अक्षर कोणाचं आहे. मास्तरचं नाही, यमुताईचंही नाही. माझं आहे. यमुताई म्हणजे शाळेतली बाई, ती दुपारी आमचा बायकांचा वर्ग घेते हे तुले मागं कळवलं होतं. आम्ही अकरा जणी बसलो होतो, आता पाच उरलो. बाकीच्या धान कापणीले गेल्या त्या परत आल्याच नाही. मी टिकली. ओळ वाकडी जाते, पण यमुताई म्हणते, आजी, वाचता येते ना, मंग झालं.

आजपर्यंत तुले जेवढे कार्ड आले ते मी बोलली आन दुसऱ्यानं लिहिले. मी म्हणो, प्रेमिलेले लिहा का गाय व्याली, कालवड झाली, कपाळावर चांदणी आहे, आन तिच्या हातची भाकर आठवते. मास्तर लिहे, येथील सर्व क्षेम आहे. एवढ्यातच गाय, कालवड, भाकर सारं बसवे. आता मधात कोणी नाही.

तुझं कार्ड मी स्वतः वाचलं. संक्रांतीले आली नाहीस, सकाळी मळमळते, अन्न पाहवत नाही. मी ओट्यावर बसून बोट ठेवून ठेवून वाचलं आन हसली. गोविंदा, तो आपला पोस्टमन, उभाच होता. म्हणे, काहून हसून राहिली वं आजी? मी म्हटलं, तुझ्या मिशा पाहून. त्याले काय कळते. मले कळलं.

मारोतरावाचा ट्रक गुरुवारी तांदूळ घेऊन तुमच्या वाडीच्या गोदामात येते. त्याच्या हातून नव्या तांदळाची थैली पाठवून राहिली. एकदम डब्यात ओतू नको, सुपात थोडा थोडा काढ. मधात हिरवा खण आहे. ती चोरचोळी. तुले मायनं सांगाचं ते दर खेपेले मी सांगते. तिसरा महिना लागला की माहेरचं मानूस गुपचूप हिरवी चोळी देते. सासूले दाखवाची नाही, शेजारणीले सांगाची नाही. शिवाची आन घालाची. कोणी विचारलं तर म्हणाचं, जुनीच आहे. चारूच्या वेळेस मी खण दिला, अनंताच्या वेळेस दिला, हा तिसरा. दुकानदार म्हणे, आजी, दर खेपेले हिरवाच? मी म्हटलं, तू आपला कपडा मोज.

लाखोळीची भाजी यंदा चांगली आहे. वाळवून ठेवते.

तुझी आजी
प्रयागबाई (ही सहीपण माझीच)


वाडी, नागपूर,
२७ जानेवारी १९७५

प्रिय आजी,
शिरसाष्टांग नमस्कार.

तुझं पत्र मी तीनदा वाचलं. वसंतला दाखवलं तर त्याला आधी खरं वाटेना. चारूला सांगितलं की पणजी आता शाळेत जाते. ती म्हणाली, तिला मार बसतो का?

हे पत्र पाकिटात आहे, कार्डावर नाही. ते तूच वाच. एखादा शब्द लागला नाही तर यमुताईंना विचारू नकोस, मला विचार. अक्षर मोठं काढते आहे.

तुझा अंदाज बरोबर आहे. मला दिवस गेले आहेत. खण मिळाला. चारूच तांदळात हात घालून बसली होती, तिलाच सापडला.

पण आजी, हे मूल मी ठेवणार नाही. आता तसा कायदा झाला आहे, तीन वर्षं होत आली. सरकारी दवाखान्यात डॉक्टरीणबाई करतात, लपूनछपून नाही. पहिल्या तीन महिन्यांच्या आत करावं लागतं. मी जाऊन दाखवून आले आहे.

मला तुझी गरज आहे. त्या दिवशी आणि नंतरचे आठ दिवस घरात मोठं माणूस पाहिजे. अनंत दहा महिन्यांचा आहे, अंगावर पितो, मला उचलायची मनाई राहील. सासूबाईंना मी कळवलेलं नाही. मला दुसरं कोणी नाही, हे तुला ठाऊकच आहे.

येशील का ते लिही.

तुझी
प्रेमिला


कुही,
३ फेब्रुवारी

प्रेमिले,

आशीर्वाद तर आहेच.

पत्र मी एकटीनं वाचलं. वर्गात नेलं नाही. एक शब्द अडला तो 'मनाई'. मंग लागला.

मी काही शहाणी नाही पण सत्तर वर्सं जगली. पोट पाडणाऱ्या बायका मले ठाऊक आहेत. तुम्हाले वाटते हे आताच निघालं. एक विधवा होती, तिचं सांगायलाच नको. एक लगीन न झालेली पोरगी होती, तिच्या मायनंच तिले नेलं आन मंग गावभर म्हणे पोटात गोळा होता. एक होती, तिले आठ होते, नवरा दारू पिऊन पडे, ती शेणात हात घालून रडे. या बायकांचं कारण मले समजते.

तुले यातलं काय आहे? जावई गोदामात लिखापढी करते, दारू पीत नाही, हात उचलत नाही, की उचलते? खरं सांग. घरात खायाले आहे. रेशनचा गहू मिळते. तुझे दोन आहेत. मंग काहून? कोणी जबरी करून राहिलं काय?

आन तुले जड होत असन तर होऊ दे आन मले आणून दे. मी वाढवीन. तुले वाढवलं ना. माझे हात अजून चालते. कालवडीले बाटलीनं दूध पाजून राहिली मी, तिची माय लाथ मारते म्हणून. लेकरू काय त्याहून अवघड आहे.

खण शिवला काय? शिंप्याकडं जाऊ नको, हातानंच शिव.

तिथं कागदावर अंगठा कोणाचा लागते? नवऱ्याचा की सासूचा? हे लिही.

आजी


वाडी,
शनिवार, ८ फेब्रुवारी

प्रिय आजी,
नमस्कार.

कोणी जबरी केलेली नाही. वसंतनं कधी हात उचललेला नाही. मी त्याला सांगितलं तेव्हा तो म्हणाला, तुझं अंग आहे, तू म्हणशील तसं. मग दोन दिवस रात्री उशिरापर्यंत गोदामातच बसला. तिसऱ्या दिवशी गोदामातून लवकर निघाला, स्वतःच दवाखान्यात जाऊन वेळ विचारून आला आणि येताना पावशेर खारे दाणे घेऊन आला. आता वेळेवर घरी येतो.

अंगठा कोणाचाच लागत नाही. सही लागते, आणि ती फक्त माझी. मी दोनदा विचारलं. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, तुम्ही सज्ञान आहात, तुमचीच.

कारण त्यांनीही विचारलं. त्यांच्या कागदावर तशी जागा आहे. मी सांगितलं, अनंतच्या वेळी इतका रक्तस्राव झाला की दोन बाटल्या रक्त चढवलं. अंगात रक्त अजून भरलेलं नाही, जिना चढले की डोळ्यांपुढे काजवे येतात. तो दहा महिन्यांचाच आहे. माझं डी.एड.चं दुसरं वर्ष आहे, एप्रिलात परीक्षा, जूनपासून शाळा मिळेल असं प्राचार्य म्हणाले आहेत. आणि मूल राहू नये म्हणून लूप बसवला होता, पाठ दुखायची म्हणून काढला, त्यानंतर हे झालं. बाई लिहिता लिहिता थांबल्या आणि म्हणाल्या, अहो एक कारण पुरतं, तुम्ही चार दिलीत. मला हसू आलं.

तुला मी पाचवं सांगते, ते त्यांना सांगितलं नाही. मला नको आहे. चारूच्या वेळी मला हवी होती, अनंतच्या वेळीही हवा होता. ते कसं असतं हे मला माहीत आहे. हे तसं नाही.

तू वाढवशील हे मला माहीत आहे. तू मला वाढवलंस. आई तापानं गेली आणि तू सहा वर्षांच्या पोरीला पदराखाली घेतलंस, ते मी विसरलेले नाही. पण मी माझं मूल कुहीला ठेवून इथे दुसऱ्यांची मुलं शिकवायला जाणार नाही.

बुधवार, १९ तारीख दिली आहे. २२ च्या पुढे तिथे होत नाही. तू येणार की नाही, दोनच ओळी लिही.

खण शिवलेला नाही. पेटीत आहे.

तुझी प्रेमिला


(कार्ड)

वाडी, १३ फेब्रुवारी

ती. आजीस सा. न. वि. वि.
तुझं उत्तर आलं नाही. तब्येत बरी आहे ना, एवढं कळव. माझी परीक्षा ठरल्याप्रमाणे बुधवारीच आहे. तुला जमत नसेल तर शेजारच्या बाई चारूला बघतील, अनंतचं काही तरी करू. रागावू नकोस.
प्रेमिला


कुही,
सोमवार, १७ फेब्रुवारी

प्रेमिले,

तुझं कार्ड गोविंदानं आणलं, आणता आणता वाचलंही. म्हणे, आजी, परीक्षा तर एप्रिलात असते ना? मी म्हटलं, ही आधीची असते. तो म्हणे, सराव? मी म्हटलं, हो बाप्पा, सराव.

मी रागावली नव्हती. मी लिहून राहिली होती. हे पत्र चार दिवस चाललं. लिहिलं, फाडलं, पुन्हा लिहिलं. पाटीवर लिहून पाहिलं, पुसलं. यमुताई म्हणे, आजी, एवढं काय लिहून राहिल्या? मी म्हटलं, पापडाचं प्रमाण.

हे मी टपालात टाकत नाही. संगच घेऊन येईन. तुझ्या हातात देईन, आन पोट्ट्यायले घेऊन भाईर ओट्यावर बसीन. तू आत वाच.

तुझी माय मनकर्णा तापानं गेली हे मी तुले सांगतलं. ते खोटं नाही. सात दिवस ताप होता. पण पुरं खरंही नाही.

ती चौपन्नची दिवाळी. तुले घेऊन ती माहेरी आली होती. तुझ्याआधीचे दोन आन तुझ्यामागून एक, तिचे तीन लेकरं गेले होते. मी करंज्या तळून राहिली होती. ती चुलीपाशी येऊन बसली आन म्हणे, माय, मले दिवस गेले. मी पुढचं ऐकलंच नाही. झारा तिच्या हातात दिला, पेटी उघडली आन हिरवा खण काढून तिच्या मांडीवर ठेवला. मले एवढा आनंद झाला. माझ्या हातून खणाची घडी पडली तरी मले आनंदच होता.

ती म्हणे, माय, ऐक ना. मले आता नको.

मी म्हटलं, काहून? नवरा मारते? म्हणे, नाही. खायाले कमी आहे? म्हणे, नाही. मंग काहून? म्हणे, नको म्हणून. मी थकली. तू काही तरी कर, तुले ठाऊक असन कोणी.

मी म्हटलं, हे काय कारण झालं. विधवेले कारण असते, कुमारणीले असते. तू लगीन झालेली बाई. करंजी जळून राहिली, उलट ती.

तिनं उलटली. करंज्या साऱ्या तळून झाल्या. मंग पाच दिवसांनी ती नदीपलीकडच्या एका बाईकडं एकटी गेली. मले म्हणे, मैत्रिणीकडं जाते. त्या बाईनं काय केलं मले आजही ठाऊक नाही. आली तेव्हा पायी चालत आली. मंग ताप चढला. तू आंगणात चिंचोके खेळत होती.

तिची पेटी उघडली तेव्हा खण घडीचा घडी होता. तिनं शिवलाच नव्हता.

हे मी तुले कधी सांगणार होती? कार्ड मास्तरच्या हातचं, त्यात हे कसं लिहावं. तोंडानं सांगाले जावं तर तू समोर, तिच्याच नाकाची. आता लिहिता येते. मी वर्गात काहून बसली हे यमुताईनं विचारलं होतं, तेव्हा मी म्हटलं, देवाचं वाचाले. तेही खोटं नव्हतं.

तुले मी कारण विचारलं. मनकर्णेलेही विचारलं होतं. तू चार दिले, बोट ठेवून वाचले, चारही बरोबर आहे. मंग पाचवं वाचलं. ते तुझ्या मायचं आहे. तिच्यापाशी तेवढंच होतं आन मी ते मोजलं नाही. नदीपलीकडं दवाखाना नव्हता, कायदा नव्हता, हे खरं. पण मी तिच्यासंग गेली असती. दुसरी बाई शोधली असती. निदान वाटेत तिले बसवलं असतं.

उद्या पहिल्या यष्टीनं निघून राहिली. वाळलेली लाखोळी घेतली, अळीव घेतले, नंतर तुले लागन. कालवड शेजारी दिली. दहा दिवस राहीन. तुझ्या कागदावर माझी सही लागत असती तर केली असती. लागत नाही, हे चांगलंच आहे.

आजी


वाडी,
मंगळवार, ४ मार्च

प्रिय आजी,
शिरसाष्टांग नमस्कार.

तू सुखरूप पोचलीस हे मारोतरावांनी सांगितलं. कालवड तुला ओळखत होती का? चारू रोज तुझी वाट पाहते. तू शिकवलेला 'चा' तिनं आमच्या भिंतीवर, जिन्यात आणि घरमालकाच्या दारावर काढला आहे. घरमालक बोलले. वसंतनं पुसला, तिनं पुन्हा काढला.

दहा दिवसांत तू त्या पत्राबद्दल एक शब्द काढला नाहीस, आणि मीही नाही. म्हणून लिहिते.

पत्र वाचून मी बाहेर आले, तेव्हा तू अनंतला मांडीवर घेऊन रस्त्यावरचे ट्रक मोजत होतीस. मला तुझा राग आला होता. तीन दिवस होता. बुधवारी जातानाही होता. गुरुवारी तू अळिवाची खीर केलीस, ती मी रागातच खाल्ली. वाटी मागितली ती दुसरीही रागातच. शुक्रवारी कधी तरी गेला. कुठे गेला ते कळलं नाही. तू म्हणतेस ते बरोबर आहे, तू तिच्यासोबत जायला पाहिजे होतंस. पण माझ्याकडे आलीस. दोन्ही मी लक्षात ठेवीन.

दवाखान्याचं तुला नीट सांगितलं नव्हतं. बाकावर आम्ही चौघी होतो. एक कामठीची, पाच मुलांची. एक कॉलेजातली, आईला घेऊन आलेली. आई सारखी तिचा पदर नीट करत होती. एकीला हृदयाचा आजार होता, तिचा नवरा दारात उभा होता आणि आत यायला घाबरत होता. कोणी कोणाला कारण विचारलं नाही. कामठीच्या बाईनं फक्त विचारलं, घरून डबा येणार आहे का? मी म्हटलं, माझी आजी आली आहे. ती म्हणाली, मग काय.

नर्सनं विचारलं, अंगठा की सही? मी सही केली. पूर्ण नाव लिहिलं.

दुखलं, फार नाही. मला वाईट वाटेल असं वाटलं होतं, ते थोडं वाटलं. त्याहून जास्त हलकं वाटलं. पुन्हा दिवस जाऊ नयेत याची काळजी आता वसंत घेणार आहे, त्यानं कबूल केलं आहे. ते पत्रात लिहीत नाही, तुझा गोविंदा पाकीट उजेडात धरतो की काय कोण जाणे.

आजी, त्या खणाचं काय करू? पेटी उघडली की तो वरच दिसतो. ज्यासाठी दिलास ते आता नाही. माहेरचा खण परत करू नये म्हणतात, आणि कोणाला द्यावासाही वाटत नाही. तुला परत पाठवला तर तुला वाईट वाटेल का?

अभ्यास सुरू केला आहे. काल जिना एका दमात चढले.

तुझी
प्रेमिला


कुही,
सोमवार, १० मार्च

प्रेमिले, तुले, जावयाले, दोन्ही लेकरायले आन तुमच्या त्या भिंतीले आशीर्वाद.

कालवडीनं ओळखलं. बाटली हातात नव्हती तरी आली. शेजारीण म्हणे, दहा दिवस माझ्यापाशी राहिली, मी चारलं, आन पळाली कोणाकडं पाह्य.

आनंदाची गोष्ट आधी. आमच्या वर्गाची परीक्षा झाली. पाचातून चौघी पास. मले यमुताईनं उभं करून वाचाले लावलं, मी न अडता वाचलं. मंग पाहुण्यांनी विचारलं, आजी, लिहिता येते तर काय लिहिलं आतापर्यंत? मी म्हटलं, नातीले पत्र. ते म्हणे, कशाबद्दल? मी म्हटलं, घरच्या गोष्टी. साऱ्यांनी टाळ्या वाजवल्या. मले कागद मिळाला, त्यावर शिक्का आहे. जावयाले सांग, काच बसवून आणाची आहे.

तू रागात खीर खाल्ली हे मले दिसत होतं. मी म्हटलं, खाऊ दे. रागात असो की कशात, रक्त तर भरन.

आता खणाचं. परत पाठवू नको. मी चूक करून राहिली होती ती दोन्ही वेळेस एकच. खण पोटासाठी आहे असं मी धरून चालली. तुझ्या मायले दिला तेव्हाही तिच्याकडं पाहिलंच नाही, पोटाकडं पाहिलं. चोळी काय पोट घालते? चोळी बाई घालते. माझी नात आहेस म्हणून दिला, तो तुझा आहे.

तर तो शिव. आता हातानं नको, चांगल्या शिंप्याकडं दे. त्याले सांग, आतून दोन बोटं कापड सोड, तू अंगानं भरशील मंग उसवून सैल करता येते. बाही कोपरापर्यंत ठेव. जूनमध्ये तुले फळ्यावर लिहावं लागन, हात वर गेला की आखूड बाही चढते, यमुताईची चढते, ती सारखी ओढते. उरलेल्या तुकड्याचं चारूच्या बाहुलीले कर. पण पेटीत घडी ठेवू नको. एक घडी मी उचललेली आहे.

आन पहिल्या दिवशी शाळेत तीच घालून जा. कोणी विचारलं तर 'जुनीच आहे' म्हणू नको. आजीनं दिली म्हण.

प्रयागबाई